पोथीखान्याचं दार आम्हालाही उघडा : हस्तलिखित-संग्रहांच्या विश्वस्तांना खुलं पत्र

मान्यवर विश्वस्त मंडळी,

सप्रेम नमस्कार.

महाराष्ट्रातल्या संस्था, मठ आणि विद्यापीठांची ग्रंथालयं जुन्या पोथ्या, बाडं आणि दप्तरं सांभाळून आहेत. त्यांचे विश्वस्त म्हणून आपणा सर्वांना मिळून हे पत्र लिहिते आहे. मी माढा तालुक्यातली. सत्तावीस वर्षं माध्यमिक शाळेत मराठी शिकवलं, चार वर्षांपूर्वी निवृत्त झाले. माझ्याकडे पीएच.डी. नाही, कुठल्या विभागाचं शिफारसपत्र नाही. आहे ते आजोबांचं एक बाड, म्हणजे हातानं लिहिलेल्या अभंगांची शिवलेली वही.

आजोबा पंढरीच्या एका वारकरी फडात टाळकरी होते. हे बाड त्यांना त्यांच्या आधीच्या वीणेकऱ्यांकडून मिळालेलं. तांबड्या खारव्याच्या रुमालात बांधलेलं, हातभर लांब आणि वीतभर रुंद. शिवण वरच्या आखूड बाजूला आहे, त्यामुळे पान खालून वर उलटावं लागतं. मांडीवर ठेवून, एका हातात टाळ धरून वाचता यावं अशीच त्याची घडण. अक्षर बोरूचं. एका पानावर ते बारीक सुरू होतं, ओळीगणिक जाड होत जातं, आणि पुढच्या पानावर एकदम पुन्हा बारीक होतं. लिहिणाऱ्यानं मध्ये थांबून बोरू तासला असणार. त्याचं नाव मला माहीत नाही, पण तो कुठे थांबला ते मी बोट ठेवून दाखवू शकते.

या बाडात एक पान आहे. त्यावरच्या एका अभंगाच्या शेवटच्या चरणात पिवळ्या हरताळाचा, म्हणजे चुकलेलं अक्षर झाकायच्या रंगाचा, पट्टा मारलाय आणि त्यावर स्वच्छ अक्षरात ‘नामा म्हणे’ असं लिहिलंय. पान उन्हाकडे तिरपं धरलं की हरताळाखालचं आधीचं अक्षर दिसतं. तिथे ‘जनी’ होतं.

यातून मी काहीही सिद्ध करत नाही. लिहिणाऱ्याची चूक झाली असेल आणि मूळ प्रत समोर ठेवून त्यानं ती सुधारली असेल. किंवा मूळ प्रतीत जनीच असेल आणि कुणाला ते पटलं नसेल. नामदेवांच्या आणि जनाबाईंच्या अभंगांची सरमिसळ झाली आहे हे अभ्यासकांना जुनंच ठाऊक आहे. पण माझ्या घरातल्या पानावर ती सरमिसळ होताना दिसते आहे, आणि तिचं काय करायचं ते कळायला एकच वाट आहे. त्याच भागातलं, त्याच काळातलं दुसरं बाड शेजारी ठेवायचं आणि ओळीला ओळ लावून बघायची. पाठभेद लावणं म्हणतात ते हेच. त्याला यंत्र लागत नाही, अनुदान लागत नाही. दुसरी प्रत तेवढी बघायला मिळावी लागते.

तर मी गेले. कुठल्या संस्थेत ते सांगत नाही, कारण हे पत्र तक्रारीसाठी नाही. शिवाय असाच अनुभव दोन वेगळ्या गावांतल्या दोघांनी मला सांगितला आहे. पहाटेची एसटी धरून साडेअकराला पोहोचले. टेबलामागचे गृहस्थ सौजन्यानं बोलले. कोणत्या विद्यापीठाचं पत्र आणलंत, असं त्यांनी विचारलं. नाही म्हटल्यावर, पत्र आणा, मग बघू, म्हणाले. दुसऱ्या खेपेला आमच्या तालुक्याच्या कॉलेजच्या प्राचार्यांचं पत्र नेलं, तर संशोधक म्हणून नोंदणी क्रमांक मागितला. तिसऱ्या खेपेला आत घेतलं. कोणती पोथी हवी तिचा क्रमांक सांगा, म्हणाले. सूची बघू द्या म्हटलं, तर सूची छापलेली नाही आणि हस्तलिखित सूची बाहेर देत नाहीत. सूची बघितल्याशिवाय क्रमांक कळणार कसा, आणि क्रमांक सांगितल्याशिवाय पोथी मिळणार कशी? शेवटी त्यांनीच दया येऊन अंदाजानं एक बाड आणून दिलं. फोटो काढायचा नाही, पेन चालणार नाही, पेन्सिलनं उतरवून घ्या. मी उतरवत होते. नवव्या अभंगावर असताना साडेचार वाजले आणि खिडक्या लावायला सुरुवात झाली. परतीच्या गाडीत मला राग आला नव्हता. रडू येत होतं.

त्या रात्रीपासून मला एका माणसाची फार आठवण येते आहे. त्यांना मी कधी भेटले नाही. संतसाहित्याचे आणि लोकदैवतांचे संशोधक रामचंद्र चिंतामण ढेरे.

२१ जुलै १९३० ला पुणे जिल्ह्यात, आंदर मावळातल्या निगडे गावी त्यांचा जन्म झाला. आई-वडील लहानपणीच गेले. आजीनं वाढवलं. पुण्यात आल्यावर रात्रशाळेत शिकले. दिवसा पोटासाठी काम आणि रात्री शाळा, या वाटेनं आलेल्या मुलानं वयाच्या अठ्ठाविसाव्या वर्षी, १९५८ मध्ये, दत्त संप्रदायाचा इतिहास लिहिला आणि लगेच पुढच्या वर्षी नाथ संप्रदायाचा. खंडोबावरचं पुस्तक १९६१ चं. पदव्या मागाहून आल्या. आयुष्यभर कुठल्या विद्यापीठाच्या मराठी विभागात त्यांनी कायमची नोकरी केली नाही. आज तुमच्या टेबलासमोर अठ्ठावीस वर्षांचे ढेरे येऊन उभे राहिले तर त्यांच्या हातात कोणतं पत्र असेल?

मी शाळेत लागले तेव्हा आमच्या लायब्ररीत त्यांचं ‘श्रीविठ्ठल : एक महासमन्वय’ होतं. १९८४ चं पुस्तक, १९८७ ला त्याला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. पुढे २०११ मध्ये ॲन फेल्डहाउस यांनी ते इंग्रजीत नेलं. आम्हा माढेकरांच्या तर ते जिव्हाळ्याचं. अफजलखानाच्या स्वारीच्या वेळी पंढरपूरची मूर्ती माढ्याला आणून लपवली होती ही आमच्याकडची जुनी समजूत. ढेरे तिथे थांबले नाहीत. स्कंदपुराणातलं म्हणून सांगितलं जाणारं एक संस्कृत पांडुरंगमाहात्म्य हस्तलिखितांतून त्यांच्या हाती आलं. त्यात विठ्ठलाच्या मूर्तीच्या छातीवर मंत्राक्षरं कोरलेली असल्याचं वर्णन आहे. माढ्याच्या विठ्ठलमूर्तीच्या छातीवर तशी अक्षरं आहेत. त्यावरून त्यांनी असं मांडलं की मूळ मूर्ती माढ्यालाच राहिली. केवढा वाद झाला! आजही सगळ्यांना ते पटलेलं नाही, आणि एक वारकऱ्याची नात म्हणून माझंही मन त्या जागी अडखळतं. पण वाद घालायला आधी ती पोथी कुणीतरी बासनातून सोडावी लागली, वाचावी लागली, आणि मग उठून माढ्याच्या देवळात जाऊन मूर्तीसमोर उभं राहावं लागलं. या तिन्ही गोष्टी एकाच माणसानं केल्या.

त्यांचं मोठेपण मला नेमकं इथे दिसतं. पोथी आणि पाय, दोन्हीवर त्यांचा सारखाच भरवसा होता. कोल्हापूर जिल्ह्यातल्या पट्टणकोडोलीला विठ्ठल आणि धनगरांचा देव बीरदेव शेजारी शेजारी पुजले जातात. धनगर भंडारा उधळत येतात. संस्कृत माहात्म्याला साक्ष म्हणून जेवढा मान, तेवढाच त्यांनी धनगराच्या ओवीला दिला. गवळी-धनगरांचा देव पंढरीच्या विटेवर उभा राहून संतांचा मायबाप कसा झाला, हे त्या मेळातून त्यांनी उलगडलं. संतसाहित्याचे अभ्यासक पुष्कळ झाले, पण मंदिराचा गुरव, वासुदेव, गोंधळी, पोतराज आणि ज्ञानदेव यांना एका पंगतीला बसवून अभ्यास करणारे थोडेच.

१९६७ च्या त्यांच्या ‘मुसलमान मराठी संतकवी’ या पुस्तकानं मला वर्गात किती मदत केली ते सांगायला हवं. ‘ज्ञानाचा एका, नामाचा तुका आणि कबीराचा शेका’ ही म्हण आमच्याकडे म्हातारी माणसं सहज म्हणून जातात. त्यातला शेका म्हणजे श्रीगोंद्याचे शेख महंमद, ‘योगसंग्राम’ लिहिणारे. हुसेन अंबरखानानं गीतेवर मराठी टीका लिहिली आहे. आठवीच्या वर्गात हे सांगितलं तेव्हा मागच्या बाकावरची एक मुलगी ताठ बसली. तिचं आडनाव शेख होतं. ढेऱ्यांनी धुळीतून उचललेल्या पोथ्यांनी त्या दिवशी माझ्या वर्गात काय केलं, ते कुठल्याही संशोधन-अहवालात येणार नाही.

आणि नागरी. नामदेवांची पुतणी. तिचे अभंग हस्तलिखितांतून उजेडात आले ते ढेऱ्यांमुळे. ‘श्रीनामदेव, जनी आणि नागरी’ या पुस्तकात त्यांनी तिला तिच्या घरातल्या माणसांशेजारी बसवलं. नामदेवांचं अख्खं घर कवी होतं हे आपण अभिमानानं सांगतो, पण त्या घरातली ही मुलगी शतकानुशतकं रुमालात बांधलेली राहिली. माझ्या बाडातल्या हरताळाखालची ‘जनी’ बघताना मला दर वेळी नागरी आठवते. तुमच्या कपाटांत अजून कितीजणी असतील?

ढेरे एकटे नव्हते हेही तितकंच खरं. धुळ्याचे शंकर श्रीकृष्ण देव वकील होते. रामदासी मठांच्या पायऱ्या झिजवून त्यांनी समर्थ वाङ्मयाची हस्तलिखितं गोळा केली, त्यांवर श्री समर्थ वाग्देवता मंदिर उभं आहे. ठाण्याचे वि. ल. भावे विज्ञानाचे पदवीधर; संताजी जगनाड्यांच्या वह्यांवरून तुकोबांची गाथा छापून काढली ती त्यांनी. इतिहासाचार्य वि. का. राजवाडे कुठल्या खात्याचे होते? संतसाहित्याची इमारत आपल्याकडे उभी राहिली ती अशाच बाहेरच्या माणसांच्या खांद्यावर. त्यांना कुणीतरी दार उघडलं होतं. चक्रधरस्वामींच्या महानुभाव पंथातल्या महंतांचंच बघा. त्यांच्या पोथ्या सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत, पंथाबाहेर दाखवायच्या नाहीत असा दंडक. तरी महंतांनी पेट्या उघडल्या, म्हणून चक्रधरांच्या आठवणींचं लीळाचरित्र आपल्याला मिळालं आणि महदंबा आपली आद्य कवयित्री झाली. ज्यांच्यावर धर्माचं बंधन होतं त्यांनी विश्वास टाकला. तुमच्यावर तर फक्त नियमावलीचं बंधन आहे.

आता तुमची बाजू. ती मला कळत नाही असं नाही. पानं फाडून नेणारे, पोथी नेऊन परत न देणारे, बाजारात विकणारे लोक झाले आहेत. ५ जानेवारी २००४ ला पुण्यात भांडारकर संस्थेवर हल्ला झाला. कपाटं फोडली, ग्रंथ जमिनीवर फेकले. त्यानंतर अनोळखी माणूस दारात उभा राहिला की सांभाळणाऱ्यांच्या छातीत धस्स होत असेल, तर त्यांना दोष कोण देईल? जुन्या पोथ्यांच्या शेवटी लेखनिक लिहायचे तो श्लोकही तुमच्याच बाजूचा आहे. ‘तैलाद्रक्षेत् जलाद्रक्षेत् रक्षेत् शिथिलबंधनात् । मूर्खहस्ते न दातव्यम् एवं वदति पुस्तकम् ॥’ तेलापासून, पाण्यापासून, सैल बांधणीपासून जपा आणि मूर्खाच्या हाती देऊ नका, असं पुस्तक स्वतःच सांगतंय.

पण मूर्ख कोण हे शिफारसपत्रावरून कसं ठरणार? आणि नुसतं कुलूप लावून पोथी टिकते का? राजवाड्यांना बीडजवळ पाटांगणला ज्ञानेश्वरीची जुनी पोथी मिळाली, त्यांनी ती १९०९ मध्ये छापली. ती मूळ पोथी आज आपल्याकडे नाही. छापली म्हणून निदान तिचा पाठ तरी उरला. एका ठिकाणी एकच प्रत असणं हीच पोथीची सगळ्यात मोठी भीती आहे. वाळवीला ओळखपत्र लागत नाही. त्याच लेखनिकांचा दुसरा श्लोकही आठवा, पाठ मोडून, मान वाकवून, मूठ आवळून कष्टानं लिहिलंय म्हणणारा. ‘यत्नेन परिपालयेत्’ असं तो संपतो. एकनाथांनी शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, ज्ञानेश्वरी ‘प्रतिशुद्ध केली’ असं स्वतः नोंदवून ठेवलं. लोकांकडच्या प्रतींत अबद्ध, म्हणजे चुकीचे, पाठ शिरलेले त्यांनी बघितले. कारण तेव्हा ज्ञानेश्वरी लोकांकडे होती. लोकांच्या हातात होती म्हणून बिघडली, आणि लोकांच्या हातात होती म्हणूनच टिकलीही.

म्हणून मागणं अगदी साधं आहे. पत्राची अट काढा. आधार कार्डाची प्रत घ्या, वहीत सही घ्या, गावातल्या दोन माणसांचे फोन नंबर घ्या, माझ्याशेजारी माणूस बसवा. कशालाच माझी ना नाही. पण ‘तुम्ही कोण?’ याऐवजी ‘तुम्हाला काय बघायचंय?’ असं विचारा. मोडी आणि जुनी बाळबोध वाचता येते का हे बघायचं असेल तर एक पान समोर ठेवा आणि वाचून दाखवायला सांगा. ही परीक्षा मला आवडेल. पदवी असून ती नापास होणारी माणसं मी पाहिली आहेत.

आणि सूची बाहेर काढा. सगळ्यात आधी हेच करा असं मी म्हणेन. तिला छापायची, सजवायची, प्रस्तावना लिहून घ्यायची वाट बघत बसू नका. हस्तलिखित नोंदवही असेल तर तिच्या पानांचे फोटो काढून तसेच ठेवा. अक्षर वाईट असलं तरी चालेल, आम्ही त्याहून वाईट अक्षरं वाचतो. एखाद्या नोंदीत नुसतं ‘स्फुट अभंग, अपूर्ण, पाने ४२’ एवढंच असेल, तरी ते कुणाच्या तरी कामाचं असतं. असल्या ‘स्फुट’ आणि ‘अपूर्ण’ म्हणून बाजूला टाकलेल्या बाडांतच अनोळखी नावं लपलेली असतात.

फोटो काढू द्या. फ्लॅश न वापरता मोबाइलवर काढलेल्या फोटोनं कागदाचं काही बिघडत नाही, उलट पुन्हा पुन्हा पान उलटायची वेळ टळते. फोटोची एक प्रत संस्थेकडे ठेवून घ्या. दहा वाचकांनी दहा बाडांचे फोटो दिले तर तुमचाच संग्रह फुकटात उतरवला जाईल. पानामागे खर्चापुरते पैसे घेतलेत तरी देऊ. आणि महिन्यातून एखादा रविवार उघडे राहा. राज्याच्या कोपऱ्यात कुणी कंडक्टर, कुणी तलाठी, कुणी माझ्यासारखी शिक्षिका रात्री जेवणं आटोपल्यावर मोडीची बाराखडी गिरवत असते. त्यांना मंगळवारी साडेअकराला येता येत नाही.

आणखी एक, जरा अवघड. आमच्यासारख्या घरांत अजून बाडं आहेत. देव्हाऱ्याखाली, धान्याच्या कोठीवर, फडाच्या पेटीत. म्हातारं माणूस गेलं की नव्या घरात त्यांना जागा नसते. कुणी चंद्रभागेत सोडतं, कारण रद्दीत घालायला मन धजत नाही. विसर्जन केलेल्या अशा बासनांच्या गोष्टी मी तीन घरांतून ऐकल्या आहेत, आणि सांगणाऱ्याला त्यात वावगं वाटत नव्हतं. देवाचं देवाला दिलं, एवढाच भाव. तुम्ही मागायला आलात तर ही घरं देणार नाहीत. त्यांना भीती वाटते की दिलेलं परत बघायलाही मिळणार नाही, आणि माझे तीन हेलपाटे बघता ती भीती खोटी आहे असं मी त्यांना सांगू शकत नाही. तुम्ही वारीच्या वाटेवर, आषाढीच्या आधी, एखाद्या मुक्कामाला टेबल टाका. ‘बाड आणा, इथेच तुमच्यासमोर फोटो काढतो, बाड तुमचं तुम्ही घेऊन जा’ एवढी पाटी लावा. मी स्वतः तिथे बसेन. आमच्या भागातली सगळी घरं मला ठाऊक आहेत.

३ ऑक्टोबर २०२४ ला मराठीला अभिजात दर्जा मिळाला, तेव्हा आमच्या शाळेत पेढे वाटले; निवृत्त असूनही मला बोलावलं होतं. भाषेचं प्राचीनत्व दाखवायला लागले ते शिलालेख, ग्रंथ आणि पोथ्याच. ज्या पुराव्यावर तो दर्जा उभा आहे, तो पुरावा मराठी माणसाला बघायला मिळावा, एवढंच मी म्हणते आहे.

ढेरे १ जुलै २०१६ ला गेले. वारीचे दिवस होते. त्यांना पत्र लिहायचं माझ्या मनात बरीच वर्षं होतं, हरताळाखालच्या त्या अक्षराबद्दल. शाळेच्या परीक्षा, घरातलं आजारपण, राहून गेलं. ते असते तर मी बाड घेऊन थेट त्यांच्या दारात गेले असते. आता तुमच्याकडे येते.

येत्या महिन्यात मी पुन्हा त्याच संस्थेत जाणार आहे, या वेळी आजोबांचं बाड सोबत घेऊन. तिथल्या त्या बाडाचा क्रमांक मी टिपून ठेवला आहे. पेन्सिलनं उतरवलेल्या नऊ अभंगांपैकी सहा माझ्याकडच्या बाडात त्याच क्रमानं आहेत. दहावा कोणता, ते मला बघता आलं नाही. माझ्याकडच्या क्रमात दहावा तोच आहे, हरताळाचा. दोन्ही बाडं एका टेबलावर शेजारी शेजारी ठेवून ते एक पान उघडायला मला पंधरा मिनिटं पुरतील.

आपली,
माढा तालुक्यातली एक निवृत्त मराठी शिक्षिका